कोरी चौकट

तुमसर, मंगळवार, दिवेलागण

पेनानं एक आकडा लिहिला, त्याची खरी किंमत एवढी: तन्वी ताटावरून उठली, आणि तिनं चार महिने खपून काढलेलं कॅलेंडर फाटलं.

पोरगी एका कल्पित राज्याची गोष्ट लिहिते. तिथले महिने तलावाच्या पाण्यावरून ठरतात. भरण, थांब, ओसर, गाळ. दिवस मात्र आपल्याइतकेच, असं तीच म्हणाली. काम सुरेख. पण मी राइस मिलवाला, पोती मोजल्याशिवाय चैन पडत नाही. मोजले, तर तीनशे चौसष्ट. गाळ महिन्यातली एक चौकट कोरी.

"एक दिवस कमी पडून राहिला, बेटा."

"तो दिवस तिथं कोणी मोजत नाही, बाबा."

"काहून? असा घोळ नाही चालत. मले विचार, कोणाचं धान कोणत्या तारखेले आलं ते. वही न पाहता सांगतो."

आणि हसत हसत मी त्या चौकटीत आकडा टाकला.

"घ्या, झालं तुमचं बरोबर," म्हणाली, आणि कागद उभा फाडला.

धानाचा दाणा दाताखाली फोडला की आवाजावरून मला ओल कळते. तिचा आवाज ओला होता, तेही कळलं. मग विचारलं का नाही?

आत्ता तुकडे जुळवले. त्या चौकटीखाली बारीक अक्षरात लिहिलंय, 'या दिवशी राणी गेली.'

तन्वीच्या आईला जाऊन काल दोन वर्षं झाली. मी काल दिवसभर मिलमध्ये होतो.