सलग अडतीस वर्षं

३ एप्रिल, सकाळ
सर आल्बन निवृत्त होणार! वय एक्क्याण्णव. एकदाची उपरती झाली म्हणायची. आता ब्रिटिश संसदेच्या सभागृहात सलग सर्वांत जास्त वर्षं बसलेला मीच. म्हणजे 'फादर ऑफ द हाउस' हा त्यांचा मान आता माझा. यात पंतप्रधानांची मेहरबानी लागत नाही. सहा पंतप्रधान आले आणि गेले. दर खातेवाटपाला मी फोनपाशी बसून राहिलो. एकदाच मंत्री झालो, सांडपाणी खात्याचा, अकरा महिने. उत्तम काम केलं. कुणाला आठवत नाही.
बायकोला बातमी दिली. ऑड्री म्हणाली, घरात तीन पोरांचे फादर आहात, त्यांचे वाढदिवस सांगा पाहू. दोन सांगितले. चुकले.

५ एप्रिल
घोटाळा. विरोधी बाकावरची ग्वेन्डा प्रॉसर माझ्याच दिवशी निवडून आली होती. अशा वेळी ज्याने शपथ आधी घेतली तो ज्येष्ठ! जुनं दप्तर काढून पाहिलं. बया माझ्या आधी वीस मिनिटं. मी सौजन्याने तिला पुढे जाऊ दिलं होतं. (आरशासमोर टाय बांधत होतो. पण सौजन्यही होतंच.)

१२ एप्रिल
ग्वेन्डाला चहाला नेलं. सुचवलं, आता नातवंडांत रमावं. म्हणाली, जेरल्ड, मला नातवंडं नाहीत, आणि तुझी तरी तुला कुठे ओळखतात? वर माझ्या वाटचा केकही खाल्ला.

२ मे
निवडणूक ८ जूनला. ग्वेन्डा उभी राहणार नाही. गुडघे! देव आहे.
निश्चय: उद्यापासून प्रचाराला रोज शंभर दारं ठोठवायची.

४ मे
दारं: शून्य. नव्या स्पीकरची निवड फादरने चालवायची असते, त्याची तयारी नको? दिवसभर आरशासमोर 'ऑर्डर, ऑर्डर'. शेजाऱ्यांनी भिंतीवर थापा मारल्या.

१७ मे
माझा प्रचार सांभाळणारा नॉर्टन रोज डोकं खातो. साहेब, मतदारसंघात, मार्शफर्डला येऊन तोंड तरी दाखवा म्हणतो. अडतीस वर्षं हेच तोंड निवडून देताहेत, आणखी काय दाखवू? तरी गेलो. दारं: चार. एकाने सरळ मोरीपाशी नेलं. तुंबलेली. मी अभिमानाने सांगितलं की या खात्याचा मी मंत्री होतो. तो म्हणाला, मग तेव्हापासूनच तुंबली असणार.
मत पक्कं. माणूस मोकळेपणाने बोलला.

७ जून
फादर म्हणून करायचं पहिलं भाषण तयार. एकवीस पानं. नॉर्टन म्हणाला, पत्रकं वाटायची राहिलीत. उद्या बघू.

९ जून, दुपार
पडलो.
तिसरा आलो. एक दातांची डॉक्टर निवडून आली. दुसरा आला 'आमची बस वाचवा'वाला निवृत्त ड्रायव्हर. निकालाला सगळ्या उमेदवारांना मंचावर ओळीने उभं करतात. माझ्या शेजारी सलगमच्या कंदाच्या वेषातला, गंमत म्हणून उभा राहिलेला एक उमेदवार होता, दोनशे बारा मतांचा. आकडे वाचून झाले आणि मला हुंदका आला. आवरेना. त्याने हिरव्या पानांतून हात काढून माझ्या पाठीवर ठेवला. पहिलीच वेळ का, काका, असं त्याने विचारलं. फार मनाला लावून घेऊ नका म्हणाला, दोन-तीनदा उभं राहिलं की लोक ओळखायला लागतात.
मी म्हटलं, हो, पहिलीच.