ती खूण आजारावर चालते का

अप्पा,

तुमची खूण पुस्तकात छापली जाणार आहे आणि त्यापायी सकाळपासून माझा जीव थाऱ्यावर नाही. तीनदा खुर्चीवरून उठले, दोनदा उगाच गच्चीवर जाऊन आले, भाजी करपवली ती वेगळीच. इथं नांदेडात बसून मी आपल्या दोघांच्या मनातल्या हिरंगण मुलखाची कादंबरी लिहिली, संपादकबाईंना ती आवडलीही. पण आज त्यांचा फोन आला. म्हणाल्या, या खुणेनं बंद दारं उघडतात, विहिरी आत पडलेली वस्तू परत देतात, चवताळलेली जनावरं खाली बसतात. मग नायिकेचा भाऊ तापानं फणफणलेला असताना ती त्याच्या तळहातावर खूण का काढत नाही? वाचक विचारणारच. एका ओळीत कारण द्या, आणि संध्याकाळपर्यंत द्या. कारण मला चांगलं ठाऊक आहे. तेच लिहायला हात उचलत नाही.

उदगीरच्या आपल्या पाट्या रंगवायच्या दुकानात हा मुलूख जन्मला. तुम्ही पत्र्याला पांढऱ्या रंगाचा हात द्यायचात आणि तो वाळेपर्यंत हिरंगणच्या गोष्टी सांगायचात. मग अक्षरं आखण्याआधी खडूनं कोपऱ्यात ती खूण: उपडी वाटी, तिच्याखाली टिंब, आणि उजवीकडून आत शिरणारी, पण टिंबाला न टेकणारी तिरकी रेघ. एका किराणावाल्यानं विचारलं, “पेंटर, हे काय काढलाव माझ्या पाटीवर?” तुम्ही मान वर न करता म्हणालात, “गिऱ्हाईक आत आलं की भायेरची वाट विसरतंय. पुसू का?” तो घाईघाईनं म्हणाला, “ऱ्हाऊ द्या, ऱ्हाऊ द्या!” मी हसून हसून टर्पेंटाइनचा डबा लवंडला आणि वर तुमच्या शिव्या खाल्ल्या.

आपला कायदा एकच होता. मुलखाबद्दल जो आधी बोलेल त्याचं खरं, आणि बोललेलं मागं घ्यायचं नाही. तिथल्या गाढवांना मत देता येतं असं मी एकदा बोलून गेले, तर तुम्ही पुढं वर्षभर गाढवांच्या निवडणुका रंगवून सांगितल्यात. आणि तुम्ही म्हणालात की खूण स्वतःसाठी काढता येत नाही, दुसऱ्याच्याच हातानं लागते. मी भांडले, पाय आपटले. तुम्ही हटला नाहीत. “बोललं ते बोललं, माय,” म्हणालात आणि ब्रश धुवायला बसलात.

मग लातूरचा दवाखाना. मी एकवीस वर्षांची आहे, इंजिनिअरिंगला आहे, आणि मला सगळं कळतं असा माझा समज आहे. डॉक्टर तुमची फाइल चाळताहेत, त्यांच्यामागं पाच-सहा शिकाऊ पोरंपोरी, माझ्याच वयाची, इस्त्रीच्या पांढऱ्या कोटात. तुम्ही सुई नसलेला हात चादरीबाहेर काढता, तळवा माझ्यापुढं धरता. नखांत अजून निळा रंग आहे. “माय, काढ की जरा ती.” पेन माझ्या हातातच आहे. त्या शिकाऊ पोरांतला एकजण तुमच्याकडं बघतो, मग माझ्याकडं.

“अप्पा, ती आजारावर चालत न्हाई.”

तुम्ही विचारता, “असं व्हय? कवा ठरलं हे?”

“आत्ताच.”

“मग ऱ्हायलं,” तुम्ही म्हणता. “बोललं ते बोललं.” आणि हात पुन्हा चादरीखाली घेता. चौथ्या दिवशी तुम्ही गेलात.

मला तुमचा रागही येतो. एकदा, त्या एकदाच, कायदा मोडून मला दटावायचं होतंत. ‘गप काढ’ म्हणाला असतात तर मी काढली असती. पेनाच्या तीन रेघांनी किडनी सुधारत नाही, एवढं मला तेव्हाही कळत होतं आणि तुम्हालाही कळत होतं. बरं व्हायला तुम्ही ती मागितलीच नव्हती. घाबरला होतात, आणि कुणीतरी आपला हात हातात धरावा असं तुम्हाला वाटत होतं. हे समजायला मला इतकी वर्षं लागली.

आत्ताच बाईंना कळवलं: खूण आजारावर चालते, तो प्रसंग मी पुन्हा लिहिते. त्यानं पुढची तीन प्रकरणं कोसळणार आहेत. कोसळू देत. नायिका भावाचा हात धरेल आणि खूण काढेल. तो जगतो की नाही, हे अजून माझं ठरत नाही.

हे पत्र कुठं टाकणार? बाईंना पाठवलं असतं तर त्यांना कारण एका ओळीत मिळालं असतं, पण ती ओळ मी त्यांना देणार नाही. तो कायदा नव्हता, अप्पा. त्या पोरांसमोर मला तुमची लाज वाटली होती.