दोन लाटांमधली फट

ता. ३ मार्च
ती. दादास,
सा. न. वि. वि. मागचं पत्र तिसऱ्याच गावाहून आलं. आई म्हणते, तुझ्या पायाला भिंगरी आहे. इकडे मी पार अडकलेय. साइनचा चौथा घात अधिक कोसाइनचा चौथा घात बरोबर एक वजा साइन-वर्ग गुणिले कोसाइन-वर्ग, ही पुस्तकातली नित्यसमानता सिद्ध करायचीय. शून्य, नव्वद, एकशेऐंशी अंश घालून पाहिले, दोन्ही बाजू जुळतात. म्हणजे चूक माझीच. चौदा तारखेपर्यंत जमलं नाही तर सर मला वरच्या गणिताच्या वर्गातून काढणार.
तुझी रडवेली,
खारू

ता. ७ मार्च
चि. खारूस,
अ. उ. आ. सध्या मी पत्र्याचे हवेचे पाइप करतो. (कारखान्यातलं मांजर रोज माझ्या डब्यात तोंड घालतं, पण ते राहू दे.) पाइप तिरका कापून पत्रा उलगडला की कडेला तुझ्या साइनचीच लाट निघते! हे शाळेत कुणी दाखवलं असतं तर मी पळालो नसतो. असो. परवा मी दोन तुकडे चार खुणांवर जुळवून डाग मारून सांधले. आमच्या मिस्त्रींनी पाइप उजेडाकडे धरला, तर मधे फट. म्हणाले, खुणा जुळल्या म्हणून कड जुळते का रे शहाण्या?
तूही खुणांवरच मोजतेयस. दर पंधरा अंशांना मोज. दोन्ही बाजूंचे आलेख वेगळ्या पातळ कागदांवर काढ, एकावर एक ठेवून खिडकीला लाव. फट दिसली तर पुस्तक खोटं, तू नव्हेस.
तुझा,
दादा

ता. १२ मार्च
ती. दादास,
सा. न. वि. वि. फट दिसली! माथ्यावर लाटा चिकटलेल्या, पण पंचेचाळीस अंशांवर एक अर्ध्यापर्यंत उतरते, दुसरी पाऊणवरच अडते. सरांनी कागद स्वतः खिडकीला लावून बघितले. मग सगळ्या वर्गासमोर म्हणाले, छापताना वजानंतरचा दोन गळलाय, आणि तुम्हाला देण्याआधी मी हे उदाहरण स्वतः सोडवलंच नव्हतं. दोन घालून पुन्हा आलेख काढले, तर एकच लाट. तरी सर म्हणाले, फट दिसली की खोटं ठरतं; न दिसली म्हणून खरं ठरत नाही, सिद्ध कर. केलं, चार ओळींत! मी वरच्या वर्गातच आहे. आलेखाचं कुणी शिकवलं, असं विचारल्यावर ताठ मानेनं सांगितलं, माझ्या दादानं.
तुझी,
खारू

ता. १७ मार्च
चि. खारूस,
अ. उ. आ. तुझं पत्र मिस्त्रींना मोठ्यानं वाचून दाखवलं. दोनदा. त्यांचं म्हणणं, घरातली अक्कल सगळी बहिणीकडेच गेलेली दिसते. मी म्हटलं, गेलीच आहे! त्या चार ओळी पाठव. मला कळेपर्यंत मी इथून हलत नाही, आईला सांग.
लोभ असाच बिनफटीचा असावा.
तुझा,
दादा