माडीवरचा फ्रेंच नट

तळवली,
२ फेब्रुवारी २०२५

ती. चंदाआत्या,
शि. सा. न.

एकतीस वर्षं सिनेमात काम करून ज्याला त्याच्या गावात कोणी ओळखत नाही तो कसला नट, असं तू विचारलंस. आमच्या माडीवर उतरलेल्या रेमीसाहेबांनी फ्रान्समध्ये बेचाळीस सिनेमे केलेत. सगळे थोड्या पैशांतले, थिएटरात आठवडाही न टिकलेले. एकात ते अकरा मिनिटं बटाटे सोलतात. त्याला बक्षीस मिळालं. बाबा म्हणाले, शेजारची गोजराकाकू जन्मभर सोलतेय, तिला कोणी विचारलं?

खारघरच्या धम्मपाल नावाच्या दिग्दर्शकाच्या सिनेमात ते काम करताहेत आणि मी त्यांची दुभाषी. फ्रेंच घेऊन पदवीधर झाले ते पहिल्यांदाच कामी आलं. ऐरोलीच्या कंपनीतही निवड झालीय. सोमवारी, १७ तारखेला सकाळी नऊला हजर व्हायचंय. बाबांनी पेढे वाटून टाकले. तोवर शूटिंग संपलं नाही तर काय करायचं, एवढंच डोक्यात आहे. फोन केला की आख्खं घर स्पीकरवर ऐकतं, म्हणून पत्र.

माया असू दे, ओरडलीस तरी चालेल.

तुझी रुतिका

करंजा,
८ फेब्रुवारी २०२५

चि. रुतिका,
अ. उ. आ.

पत्र मिललं. गुडघा सोडून सगलं बरं हाय. नोकरी सोडू नको. आपल्या घरात शिकलेली तू पैली. बटाटे सोलून बक्षीस मिलत आसंल तर मलाच फ्रान्सला ने.

आनि गोजरा फोनवर रडत होती. तुमच्या सायबाचा बाप वारला म्हनं. टक्कल केलंय, मिशी काढलीय, ओट्यावर गप बसतो. सुतकात चूल पेटवायची नाय म्हनून चार घरांतून त्याला वरन-भात जातो. तू मला एका शब्दानं कलवलं नाय. समाचाराला येऊ का?

जपून रहा, जेवत जा.

तुजी चंदाआत्या

तळवली,
१८ फेब्रुवारी २०२५

ती. आत्या,
शि. सा. न.

समाचाराला येऊ नकोस. टक्कल भूमिकेसाठी केलंय. सिनेमात ते इस्पितळातून सुटलेले आहेत. ओट्यावर बसायला मीच सांगितलं होतं, गावाची सवय व्हावी म्हणून. वरण-भात ते पाहुणचार समजून दोन्ही वेळा खात होते.

तुझं पत्र वाचून मी त्यांना खरं काय ते सांगितलं. त्यांनी हातातलं ताट खाली ठेवलं. मग म्हणाले, वडील खरंच गेले, ऑक्टोबरात. तेव्हा साहेब एका सिनेमाच्या शूटिंगला पाठमोरे उभे होते. चार तासांचं काम. ते टाकून वडिलांकडे गेले नाहीत. तिकडे कोणी जेवण आणून दिलं नव्हतं. पस्तावा होतो का, मी विचारलं. म्हणाले, होतो. सिनेमा मात्र चांगला झालाय.

गोजराकाकूलाही सांगितलं. ती म्हणाली, बाप मेलाय ना? मंग आमचा भात वाया नाय गेला.

शूटिंगचा शेवटचा दिवस नेमका १७ला आला. साहेबांना मराठीत एकच वाक्य होतं आणि ते बसवून घेणारं माझ्याशिवाय कोणी नव्हतं. कंपनी तारीख बदलेना. शनिवारी बाबांशी बोलले. त्यांनी विचारलं, पडद्यावर तू दिसणार का? म्हटलं, नाही. नाव तरी? म्हटलं, शेवटी, बारीक अक्षरांत. मग ते गच्चीवर गेले.

रविवारी मी कंपनीला नकार कळवला. काल सकाळी नऊ वाजता खाडीच्या बांधावर उभी होते. साहेबांचं वाक्य सातव्या वेळी बरोबर आलं.

रागावलीस तरी लिहीत राहा.

तुझीच,
रुतिका