दाढी मोकळी आहे का?

न्यूहॉल, कॅलिफोर्निया
मे १९५३

प्रिय आर्लीन,

तुझं पत्र मिळालं. लग्नाची तारीख, चर्च, माझी उतरायची सोय, सगळं वाचलं आणि शेवटची ओळही वाचली. ‘बाबा, लग्नाआधी ती दाढी तेवढी काढून टाका, फोटो चांगले येतील.’ तेवढी! पोरी, गेली वीस-बावीस वर्षं या दाढीनं आपलं घर चालवलंय. स्टुडिओचा फोन आला की माझं नाव कधी कुणी घेतलं नाही. ‘गुरुवारी दाढी मोकळी आहे का?’ एवढंच विचारायचे. तू फोन उचलायचीस आणि अंगणात येऊन ओरडायचीस, ‘बाबा, दाढीला बोलावलंय!’

काल टेकडीवर शूटिंग होतं. उन्हानं जीव काढला. आमचा रंगभूषावाला ड्यूई तरण्या दरोडेखोरांना दाढ्या चिकटवत होता आणि त्या घामानं गळून पडत होत्या. एकाची तर घोड्यानं चघळली. ड्यूई मला म्हणाला, ‘म्हाताऱ्या, तू एकटाच माझ्या डोक्याला ताप देत नाहीस.’ मी खेचरवाला होतो. बहुतेक वेळा तोच असतो, नाहीतर सोनं शोधणारा वेडा. न्हाव्याच्या खुर्चीत किती वेळा बसलो याला तर हिशेबच नाही. तोंडाला साबण फासतात, वस्तरा उघडतात, तेवढ्यात बाहेर गोळीबार होतो आणि मी साबणासकट पळत सुटतो. तुझी आई थिएटरात शेजारच्या अनोळखी बाईला कोपरानं ढोसून सांगायची, ‘तो साबणातला आहे ना, तो माझा नवरा!’ मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. आज ती हवी होती.

कारण आता मला न्यायाधीशाचं काम मिळालंय. त्याला नावसुद्धा आहे, एमॉस प्रुइट. चांगली चार पानं संवाद आहेत. पडद्यावर पहिल्यांदाच मला कुणीतरी नावानं हाक मारणार. तुझ्या लग्नानंतरच्याच आठवड्यात सुरुवात आहे. तेवढ्यात खुंट उगवतील, न्यायाधीशाची दाढी नाही.

पण खरं सांगू? हे काम नसतं तरी मी वस्तऱ्याला हात लावला नसता. परवा तुझ्या होणाऱ्या सासूबाईंचा फिलाडेल्फियाहून फोन आला. बाई फार गोड बोलतात. ‘लाकडाच्या वखारी सोडून चार दिवस येता येईल ना तुम्हाला?’ म्हणाल्या. मी ‘येईल की’ म्हटलं, तुला खोटं पाडलं नाही. पण मला लागलं, आर्लीन. फार लागलं. मी लग्नाला येणार आणि दाढीसकट येणार. त्याआधी त्या घरात सगळ्यांना सांग, माझे वडील नट आहेत. आवाज खाली न करता सांग. ते जमणार नसेल तर तसं कळव. मी मागच्या बाकावर बसेन, पोटभर केक खाईन, तुला तोंडभरून आशीर्वाद देईन. पण मग तुझा हात धरून चर्चमधून चालायला एखादा लाकडाचा व्यापारी शोध.

तुझाच,
बाबा