सुरकुतलेल्यांचं घराणं

तीर्थस्वरूप भाऊजी मनोहरराव यांना सक्करदऱ्याहून रामाजीचा वाकून दंडवत. ताराताईच्या गुडघ्याला आता कसं आहे? मी पाठवलेलं तेल तिने गुडघ्याला लावलं की तुमच्या म्हशीच्या शिंगांना, ते कळवावं. (मागच्या खेपेला शिंगं फारच चमकत होती.) इकडे आम्ही सगळे ठीक. तुमची शामला तर इतकी खुशाल आहे की तिच्याकडे पाहून तिच्या मामीला धास्ती वाटते.

बाकी मजकूर नंतर, आधी हिशेब. एका ग्रीक शब्दाचा अर्थ मला घरपोच केवढ्याला पडला, हे मुलीचा बाप म्हणून तुम्हाला माहीत असावं. आमच्या हिच्या, वच्छलेच्या हातचे परातभर पोहे, माझं नवं धोतर (डाव्या गुडघ्यावर शेंदूर, सात जन्म निघायचा नाही), महाल भागातल्या एका पोक्त बाईंची मर्जी (ती परत मिळाली) आणि आमच्या टालीवरचं दैवत (ते परत मिळत नाही). एवढ्यात अख्खी भाषा आली असती. पण शामलेचं लग्न त्या एका शब्दाला टांगलेलं होतं, म्हणून घासाघीस केली नाही.

दैवत म्हणजे आमचा ओंडका, तुम्ही ओळखताच. मी आरा मशीनवर मजुरी सोडून स्वतःची लाकडाची टाल मांडली, तेव्हा लिलावात घेतलेला पहिला माल. त्या दिवशी मी त्याच्यावर नुसती बोटांची पेरं आपटली, कान लावला आणि आतून मृदंग बोलला. अस्सल सागवान! (माझे कान तुम्हाला माहीत आहेत. उमरेडला तुम्ही मागच्या खोलीत पान लावता, तेव्हा चुना जास्त झाला की मला ओसरीवर कळतं.) मोठमोठे ठेकेदार उभे होते, पण मी बोली लावल्यावर एकानेही तोंड उघडलं नाही. इतका धाक! उलट सगळे माझ्याकडे पाहून प्रेमाने हसत होते. तो ओंडका मी विकला नाही. पत्र्याखाली ओट्यावर ठेवला आणि दर खंडेनवमीला करवती-कुऱ्हाडींच्या पूजेत पहिला मान त्याला देत आलो. शेंदराचे थर इतके चढले की खालचं लाकूड दिसेनासं झालं. पुढे वच्छलेला कोणी सांगितलं की दैवताला कोरडं ठेवू नये, तेव्हापासून ती त्याच्यावर रोज सकाळी लोटाभर पाणी घालते. टाल भरभराटीला आली ती या ओंडक्यामुळे, असं ती म्हणते. माझ्या कानांमुळे, असं मी म्हणतो.

तर गेल्या महिन्यात एका रविवारी महालातली मंडळी शामलेला पाहायला आली. मुलगा कृष्णकांत, कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवतो. सोबत त्याची आई यमुताई आणि काका नानाजी. पोहे आले, शामला आली, नानाजींनी तिला स्वयंपाक येतो का विचारलं, तिने येतो म्हटलं (पोहे मामीचे होते, पण त्या घटकेला मी चमचा चाटत होतो). मुलगा मात्र खिडकीतून एकटक बाहेर पाहत होता. मग बशी ठेवून तो उठला, टालीवर गेला आणि ओंडक्यापुढे दोन्ही गुडघे टेकून बसला. वच्छलेच्या डोळ्यांत पाणी आलं. असा धार्मिक जावई आजकाल कुठे मिळतो! मीही धावत जाऊन त्याच्या शेजारी गुडघा टेकला (धोतर गेलं ते इथे). एवढ्यात त्याने खिशातून चिमटा काढला, दैवताच्या बुडाशी एक ढलपी उचकली आणि तांदळाच्या दाण्याहून थोडा मोठा, काळसर, चकचकीत किडा बाटलीत टाकला. आणि भाऊजी, परीक्षेत पहिला आल्यासारखा ओरडला, “रायसोडिडी!”

हे त्या किड्याच्या घराण्याचं नाव. आपल्याकडे फार क्वचित हाती लागतं म्हणे. हा पोरगा कित्येक पावसाळे जंगलात ओली लाकडं फोडत हिंडला आणि घराणं निघालं मामासासऱ्याच्या ओट्यावर. मी अर्थ विचारला. तो म्हणाला, मूळ शब्द ग्रीक, अर्थ सुरकुतलेला दिसणारा. किड्याच्या पाठीवर नांगरटीसारख्या उभ्या चरी असतात, त्यावरून. आणि शेवटचं ‘इडी’ हे शेपूट, ते प्राण्यांच्या प्रत्येक घराण्याच्या नावाला लावतात, म्हणजे ऐकणाऱ्याला कळतं की एकट्यादुकट्याची नाही, अख्ख्या खटल्याची गोष्ट चालली आहे. मी म्हटलं, म्हणजे आपल्या आडनावातल्या ‘कर’सारखं? तो म्हणाला, “तसंच समजा मामाजी.” हा मोठेपणा पाहा. दुसरा असता तर हसला असता.

तेवढ्यात मागून शामला म्हणाली, “पण हा खातो काय?” (मुलीने बोलायचं नसतं, मी डोळे वटारले.) पोराने त्या दिवशी पहिल्यांदा तिच्याकडे पाहिलं. म्हणाला, “फार चांगलं विचारलं. सडलेल्या ओल्या लाकडात बुळबुळीत बुरशीसारखं धरतं ना, ते. चांगल्या लाकडाला तो तोंडही लावत नाही.” माझे कान तिखट आहेत, त्यामुळे काय ऐकायचं नाही हेही मला चांगलं कळतं. मी एवढंच ऐकलं की पोराला पोरगी पसंत आहे.

यानंतर चूक झाली ती माझी नाही, शब्दाची. शब्द इतका भारदस्त की आठवडाभर तोंडातून उतरेना. टालीवर एक गिऱ्हाईक फळीला टिचक्या मारून पाहत होतं, त्याला म्हटलं, “साहेब, असा माल म्हणजे रायसोडिडी, शोधून सापडत नाही.” त्याने दोन फळ्या जास्त नेल्या. वच्छलेच्या वांग्याच्या भाजीला म्हटलं, ती खूश. म्हणजे वापर असा बसला, की जे दुर्मिळ ते रायसोडिडी. अर्थ मागे कुठेतरी पडून राहिला.

अशा अवस्थेत मी पुढचं बोलणं करायला महालात गेलो. बैठक भरलेली, चहा समोर, नानाजी कपात बिस्कीट बुडवून बसलेले. मी यमुताईंना हात जोडून म्हटलं, “ताई, खरं सांगतो, तुमचं घराणं म्हणजे रायसोडिडी!” त्यांनी कौतुकाने मुलाला विचारलं, “म्हणजे काय रे?” आता जरा जग पाहिलेला मुलगा असता तर म्हणाला असता, थोर. पण हा शास्त्रज्ञ. म्हणाला, “सुरकुतलेले.”

नानाजींचं बिस्कीट कपात पडलं. यमुताई उठून आत गेल्या. भाऊजी, मी भिंतीला पाठ टेकून बसलो आणि स्वयंपाकघर ऐकू लागलो. आधी पितळी डबा बंद झाला (चिवडा परत गेला). मग ताटं एकावर एक चढली (जेवण गेलं). मग पाट भिंतीला उभा केल्याचा आवाज आला, तेव्हा मी मनात शामलेची माफी मागितली. तिने सकाळी मला नुसतं एवढंच म्हटलं होतं, “मामाजी, तिथं कमी बोलसान.”

कृष्णकांत आत गेला. आवाज हळू, पण भिंत मातीची. तो म्हणाला, “आई, त्या सुरकुत्यांवरूनच तर तो किडा ओळखू येते. त्या नसत्या तं कोनी ढुंकून पाहिलं नसतं त्याले.” मग यमुताई म्हणाल्या, “माह्या सुरकुत्या तं तूनं पाडल्या. त्याले कोनं पाडल्या?” आणि हसल्या. आधी दबून, मग अशा की पाट धाडकन आडवा झाला. चिवड्याचा डबा उघडला, तेव्हा मी श्वास घेतला.

बाहेर येऊन त्या म्हणाल्या, “मामाजी, पोरगा म्हणते स्कूटर नको, घड्याळ नको. पण तुमी मले भर बैठकीत किडा केलं, त्याचा दंड द्या. ज्या लाकडातून हा शबुद निघाला ते लाकूडच त्याले द्या. मंग पोरगी आमची.”

घरी मी हे सांगितलं, तर वच्छला कमरेला पदर खोचून ओंडक्याला पाठ लावून उभी राहिली. “अहो, घरचा देव देऊन राहिले तुमी? काहून? टाल बुडवाची हाय काय?” एकीकडे भाची, एकीकडे दैवत, आणि मधे बायको. दुसऱ्या दिवशी सकाळी शामला मामीच्या आधी उठली, ओंडक्यावर तिनेच लोटा ओतला आणि हात जोडून म्हणाली, “तू हो पुढं. मी येतेच.” दारामागून हे वच्छलेने ऐकलं. (ऐकायची सवय घरात सगळ्यांना लागली आहे.) नाक पुसत बाहेर आली आणि म्हणाली, न्या, पण खंडेनवमीच्या आत देव परत ओट्यावर पाहिजे.

तेव्हा भाऊजी, मुलगी दिली, असं समजा. ताराताईला साखर द्या. त्यांच्याकडून होकार पक्का आहे, तारीख तुम्ही येऊन ठरवा. ओंडका तिकडे पोचला, किडा सुखरूप आहे आणि यमुताई आल्यागेल्याला स्वतःहून सांगतात की आमचं घराणं रायसोडिडी.

आपला मेहुणा,
रामाजी

ता. क. पत्राचं खरं काम लिहायचं राहिलंच. तुमच्या गोठ्याच्या मधला खांब जुन्या सागवानाचा आहे. तो या आठवड्यात इकडे पाठवा. छप्पर पडणार नाही, पडलं तरी आत एकच म्हैस आहे आणि तिची शिंगं मजबूत आहेत. कृष्णकांतने ओंडका पार भुगा होईपर्यंत फोडला आहे, तो परत येणं नाही. टालीवर सागवान पुष्कळ आहे, पण नवं, वच्छला लगेच ओळखेल. तुमच्या खांबावर मी शेंदूर चढवून ठेवतो. ताराताईला यातलं कळू देऊ नये.

आणखी एक. खांब आणायला चार माणसं लागतील, ती पाहून ठेवा. आमचा ओंडका कृष्णकांतने एकट्याने उचलून सायकल रिक्षात ठेवला. सागवान कसला, सावरीचा होता.