एम्ब्रोजची हाक

१४ जानेवारी १९११
जिंकलो! पण डाव्या कानात कुणी कापूस कोंबल्यासारखं झालंय. भिजून फुटबॉल धोंड्यासारखा जड झाला होता, त्यात त्याच्या शिवणीवरच्या नाडीची गाठ नेमकी कानावर बसली. क्रॅब्ट्रीने, आमच्या मालिशवाल्याने, कोमट तेल घातलं. "बचावाला उभं राहायचं तर डोकं लागणारच, सेथ. दोन दिवसांत उतरेल."

२३ जानेवारी
उतरलं नाही. हॅनाने डावीकडून तीनदा हाक मारली म्हणे. मी चहा पीत बसलेलो! "लग्नाला सहा वर्षं झाली की सगळ्या नवऱ्यांचे कान असेच होतात." हसलो. खुर्ची फिरवून तिला उजवीकडे घेतलं.

२ फेब्रुवारी
कुणाला सांगायचं नाही. एप्रिलअखेर क्लब ठरवतो कोण राहणार, कोण जाणार. बहिऱ्याला कोण ठेवेल? आणि परत कोळशाच्या खाणीत तरी कोण उतरवेल? छत करकरलेलं ज्याला ऐकू येतं तोच तिथून वर येतो. बाबांनी पहिल्याच दिवशी शिकवलं होतं.
आमच्यातही तेच की! आमचा गोलकीपर एम्ब्रोज गोलातून "माझा!" ओरडला की बचाववाल्याने बघत बसायचं नाही, मुकाट बाजूला व्हायचं. आठ वर्षं त्या एका हाकेवर खेळतोय.

४ फेब्रुवारी
बचावातल्या जोडीदाराशी, बर्टशी, बाजू बदलली. तो उजवीकडे, मी डावीकडे, म्हणजे गोल माझ्या चांगल्या कानाच्या अंगाला. गुडघ्याचं निमित्त केलं. एकही गोल खाल्ला नाही!
आंघोळीच्या हौदात एम्ब्रोज म्हणाला, "ए ठोंब्या, कुठला गुडघा?" डावा म्हणालो. "मघाशी उजवा होता!" सगळे हसले. तो नाही हसला.

२५ फेब्रुवारी
पुन्हा जिंकलो. उजव्या कानात बारीक शिट्टी वाजते. थंडीने असेल.

११ मार्च
अर्धा तास पेन हातात धरून बसलोय.
बर्टचा घोटा मुरगळला. बदली खेळाडू नसतोच, त्याला पुढे कडेला लंगडत उभा केला आणि क्लबचे साहेब बाहेरून ओरडले, "सेथ, उजवीकडे जा!" सांगायला हवं होतं. तीस हजार लोकांपुढे काय सांगणार? गेलो.
शेवटची दहा मिनिटं. चेंडू उंच आला. मी सगळ्या ताकदीने पाय मारला.
बूट चेंडूला लागला नाही.

१३ मार्च
एम्ब्रोज इस्पितळात. अजून शुद्धीवर नाही. साहेबांनी विचारलं, "त्याने हाक दिली होती?"
"नाही," म्हणालो.
आठ वर्षांत त्याची हाक कधी चुकली नाही. नीच आहे मी.

९ एप्रिल
प्रार्थनेनंतर एम्ब्रोजच्या घरी गेलो. एक डोळा गेला. पुन्हा गोलात उभा राहणार नाही. सगळं कबूल करायचं ठरवूनच गेलो होतो. त्यानेच आधी तोंड उघडलं.
"तुझा कान मला त्या हौदातच कळला होता. त्या दिवशी घाईत विसरलो तू उजवीकडे आलायस ते."
"एम्ब्रोज, मी साहेबांना..."
"माहितीये काय सांगितलंस ते. मीही तेच सांगितलं. हाक द्यायची राहिली म्हणालो. आता रडू नकोस, बायको घाबरेल आत. दोघं घरी बसून काय करणार? तू खेळ."
साहेबांकडे न जाता सरळ घरी आलो. 

२९ एप्रिल
ठेवलं! आणखी एक वर्ष. सही केली. हॅनाने मटण-बटाट्याचं भरपूर रांधलं, आणि एक मोठं भांडं एम्ब्रोजकडे पाठवलं.

३० एप्रिल
सकाळी हॅना माझ्या उजवीकडे बसून काहीतरी सांगत होती. तिचे ओठ हलताना दिसले. बाकी काही नाही.